बिननावाच्या पोराचं जावळ

एक होतं रान. राजा नाही हं आज, आणि राणी आहे ती फक्त मधमाश्यांची. तोंड वाकडं करू नकोस नच्या. राजाची गोष्ट काढली की तू दहा मिनिटांत घोरायला लागतोस, आणि मी आपली भिंतीला गोष्ट सांगत बसते.

तर रान होतं लांब, पोलंड देशात. लढाईच्या दिवसांत तिथली माणसं आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला येऊन राहिली होती, बरं का. त्यातल्या एका बाईची माझ्या आईशी गट्टी जमली. त्या बाईच्या मुलाचं नाव झ्बिग्न्येव. म्हणा बघू! अडखळलात ना? माझी आईसुद्धा अडखळली. म्हणाली, "अहो बाई, असलं कसलं नाव ठेवलंत पोराचं?" तेव्हा त्या बाईने ही गोष्ट सांगितली. तिने सांगितली मोडक्यातोडक्या मराठीत, राहिलेलं माझ्या आईने घातलं, आणि आई जे विसरली ते मी घालते. ऐका आता.

त्या रानाच्या कडेला एक बाई राहायची, बोग्ना नावाची. तिचा नवरा यारोश. नदीच्या पलीकडे तिचा धाकटा भाऊ वितेक. दोघेही पुरुष मध काढायचे. त्या रानात मधाची झाडं असायची. भल्यामोठ्या झाडाच्या खोडात उंचावर ढोली कोरायची, मग तिच्यात माश्या येऊन राहायच्या, आणि हे झाड आमचं म्हणून सालीवर घराची खूण कोरायची. यारोशची खूण कावळ्याचा पाय. वितेकची खूण दाताळं, गवत ओढायचं असतं ना, ते.

आणि बोग्नाला होता एक मुलगा. त्याला नाव नव्हतं.

हसता काय? तिथे रीतच तशी होती. सात वर्षं पुरी होईपर्यंत पोराला खरं नाव ठेवायचं नाही आणि केसांना कातर लावायची नाही. तोवर काहीतरी वाईटसाईट म्हणून हाक मारायची, म्हणजे दृष्ट लागत नाही. आपल्याकडे धोंडू, दगडू म्हणायचे ना, तसंच. बोग्नाच्या पोराला म्हणायचे नेलूब. म्हणजे नावडता. आणि आईला तर तो इतका आवडता, की जरा दिसेनासा झाला की ती शोधत धावायची. पोरगं पण असं की एक क्षण एका जागी थांबेल तर शपथ. पायाला भिंगरी! केस कमरेपर्यंत आलेले, आणि हा सारखा पळतोय.

सात वर्षं पुरी झाली की जावळ. आपल्याकडे मामाच्या मांडीवर बसवतात. तिथे बसायचं बापाच्या मांडीवर, आणि केस कापायचे मामाने. मग बापाने कानात नाव सांगायचं. पण सगळं त्या दिवशी सूर्य मावळायच्या आत, बरं का. सूर्य मावळला आणि नाव पडलं नाही, तर पोर रानाचं. रानबाई यायची आणि हाताला धरून न्यायची. तिने नेलेलं पोर परत आलेलं कुणी पाहिलं नव्हतं.

आता तुम्ही म्हणाल, मामा आहे, बाप आहे, मग अडलं कुठे?

अडलं तिथेच! मामा आणि बाप यांच्यात विस्तव जात नव्हता. कशावरून? एका झाडावरून. बोग्नाचे वडील गेले तेव्हा नदीकाठचं मधाचं झाड कुणाचं ते सांगून गेलेच नाहीत. मग यारोशने त्यावर कावळ्याचा पाय कोरला. वितेकने तो खरवडून दाताळं कोरलं. मग यारोशने दाताळं खरवडलं. असं सात वर्षं! शेवटी खोडाला साल उरली नाही. मध दोघांनीही खाल्ला नाही, तो खाल्ला अस्वलाने. यारोशने शपथ घेतली, वितेकला अंगणात पाऊल टाकू देणार नाही. वितेकने शपथ घेतली, दाजींचा उंबरा चढणार नाही. आणि मधे बोग्ना. इकडे आड, तिकडे विहीर.

पोराला सात वर्षं पुरी व्हायला तीन दिवस राहिले. बोग्नाचं मन कशात लागेना. पीठ मळायला घ्यायची, अर्धं सोडून दारात जायची. दारातून परत आत. मग ती नवऱ्याकडे गेली.

"अहो, भांडण ठेवा बाजूला. पोरासाठी एकदा बोलवा त्याला."

झालं! यारोशचा राग नाकाच्या शेंड्यावर. "त्याचं नाव काढू नकोस माझ्यासमोर. कातर मी लावीन. मामा नसला तर काय आभाळ कोसळतं?"

"रीत मोडून चालेल का हो?"

पण तो कुऱ्हाड घेऊन निघूनसुद्धा गेला. त्या संध्याकाळी नदीपलीकडून कुणीतरी हाक मारली, "नेलूब, ए नेलूब." गोड आवाज. पोरगं खेळता खेळता थांबलं आणि तिकडे बघायला लागलं. बोग्नाने त्याला ओढून आत घेतलं.

दुसऱ्या दिवशी ती नदी ओलांडून भावाकडे गेली. लुगडं गुडघ्यापर्यंत भिजलेलं. बरं बरं, तिथे लुगडं नसेल, झगा असेल. भिजला तो भिजलाच ना?

"वितेक, माझ्या पोराचे केस तुझ्याच हाताने उतरायला हवेत रे."

"ताई, तू बोलव, मी काट्यातून येईन. पण दाजींनी स्वतः येऊन म्हणावं, की वितेक, चुकलो."

"ते म्हणायचे नाहीत."

"मग मीही यायचा नाही."

पालथ्या घड्यावर पाणी! बोग्ना रडत नव्हती, बरं का. तिला संताप आला होता. एकाचा राग बघावा तर दुसऱ्याचा वरचढ, आणि किंमत कुणी द्यायची, तर सात वर्षांच्या पोराने. त्या संध्याकाळी हाक आली ती कुंपणापाशी. "नेलूब, ये ना. तुला कुणी नाव देत नाही, मी देते." पोरगं कुंपणाकडे चालायला लागलं, आईने पायाला मिठी मारली तेव्हा थांबलं. त्या रात्री बोग्ना झोपली नाही. त्याच्या उशाशी बसून त्याचे केस मुठीत धरून राहिली.

मुक्ते, माझा पदर सोड. रानबाई इथे येत नाही. तुला चांगलं नाव आहे, वहीवर सतरा ठिकाणी लिहून ठेवलंयस.

मग तिसरा दिवस उजाडला. जावळाचा. बोग्नाने खूप विचार केला. अंगणात हा येऊ देत नाही, उंबरा तो चढत नाही. मग तिने दोघांनाही निरोप धाडला, की जावळ घरी नाही, नदीकाठच्या झाडाखाली आहे. तिथे ना कुणाचं अंगण, ना कुणाचा उंबरा. ज्याला पोर हवं त्याने यावं. आणि पोराला घेऊन, मेंढ्यांची लोकर कापायची कातर कमरेला खोचून, ती झाडाखाली जाऊन उभी राहिली.

दुपार झाली. कुणी नाही. ऊन कललं. कुणी नाही. बोग्ना झाडाभोवती फेऱ्या घालतेय, पोरगं तिच्याभोवती. मग एकदम दोघेही आले, एक इकडून, एक तिकडून. वितेक हात बांधून उभा राहिला. यारोशच्या हातात कुऱ्हाड.

"या झाडापायी ना सगळं?" यारोश गरजला. "मग झाडच ठेवत नाही!"

"हात तर लावून बघा, दाजी!"

आणि यारोशने घातला की घाव! अहो, जन्म मध काढण्यात गेलेला माणूस. माश्यांजवळ मोठ्याने बोलूसुद्धा नये, हे तान्ह्या पोराला ठाऊक. पण राग आला की माणसाला काय कळतं? घाव बसला आणि वरच्या ढोलीतून मोहोळ उठलं. आभाळ काळं झालं. घूं घूं घूं! माश्या गरगर फिरल्या. बसायला जागा शोधत खाली आल्या. आणि राणीमाशी बसली कुठे? पोराच्या डोक्यावर. त्या कमरेपर्यंतच्या केसांत. तिच्यामागून सगळं मोहोळ. डोकं, मान, पाठ, सगळीकडे माश्याच माश्या लटकल्या.

बोग्ना एक पाऊल पुढे आली आणि थांबली. ती एवढंच म्हणाली, "हलू नको, राजा."

आणि जन्मात कधी एका जागी उभं न राहिलेलं ते पोरगं उभं राहिलं. स्तब्ध. फक्त डोळे मिचकावत होतं.

यारोशच्या हातून कुऱ्हाड गळाली. "वितेक, तुझ्यामुळे..." तो दातओठ खात म्हणाला, तोच माश्यांचा आवाज चढला.

मग वितेक म्हणाला, "बरं बाबा, झाड तुमचं. घ्या." पण म्हणाला असं, की जणू थोबाडीत मारली. माश्यांचा आवाज आणखी चढला. एक माशी पोराच्या पापणीवर येऊन बसली. तोंडावर गोड बोललेलं माणसाला फसवतं, माश्यांना नाही.

मग ते पोरगं हळूच बोलू लागलं. ओठ हलवतच नव्हतं जवळजवळ. "बाबा, मामा, ओरडू नका ना. त्या घाबरल्यात. मीपण घाबरतो तुम्ही ओरडलात की. रोज घाबरतो."

यारोशने मुलाकडे पाहिलं आणि तो मटकन खाली बसला. एवढा दांडगा माणूस, पण डोळ्यांतून पाणी.

"वितेक," तो म्हणाला, "मला राग सोडता येत नाही रे. रोज उठतो, तेव्हा तो माझ्या आधी उठलेला असतो. मला झाड नको. मला माझं पोर हवंय."

वितेकने बांधलेले हात सोडले. "दाजी, मलापण नाही येत. मी रोज नदीवर येऊन ताईच्या घराचा धूर बघायचो, आणि परत जायचो. सोडा आता. आपण दोघंही सोडू या."

आणि तो खाली बसला, यारोशच्या शेजारी, मातीत. त्याने यारोशचा हात धरला. या वेळी मनापासून, बरं का. माश्यांचा आवाज उतरत गेला. उतरत उतरत असा झाला, की चुलीवर दूध तापत ठेवल्यावर येतो तेवढाच.

पण सूर्य टेकला होता झाडांना! बोग्नाने कातर पुढे केली. यारोशने मुलाला अलगद मांडीवर घेतलं, माश्यांसकट. त्याच्या हातांवर माश्या चढल्या, एकीनेही चावा घेतला नाही. वितेकने कातर धरली. कच्, एक बट. कच्, दुसरी. कच्, आणि सगळं जावळ मोहोळासकट खाली आलं, बोग्नाने धरलेल्या टोपलीत. वितेक टोपली घेऊन झाडावर चढला आणि माश्यांना त्यांच्या ढोलीत सोडून आला.

तेवढ्यात अगदी पाठीमागून हाक आली. "नेलूब, चल. वेळ झाली."

बोग्नाने वळून पाहिलं नाही. तिने मुलाकडे पाहिलं. यारोश मुलाच्या कानाशी वाकला होता. त्याने एक नाव ठरवून ठेवलं होतं, लढाईचं, शत्रू मारणाऱ्याचं. ते त्याच्या ओठांवर आलंच नाही. त्याने कानात दुसरंच नाव सांगितलं. मग सगळ्या रानाला ऐकू जाईल असं म्हणाला, पण ओरडून नाही हं, "याचं नाव झ्बिग्न्येव."

त्यांच्या भाषेत त्याचा अर्थ, राग घालवणारा.

"नेलूब," रानबाईने पुन्हा हाक मारली. पोराने मान वर केली नाही. नेलूब कोण, ते त्याला ठाऊकच नव्हतं. पानं सळसळली आणि सूर्य मावळला. हाक पुन्हा आली नाही.

मग झाडाचं काय झालं? काय व्हायचंय! मध दोघांनी अर्धाअर्धा घेतला, आणि अस्वल उपाशी राहिलं. भांडणं पुढेही झाली. माणसंच ती. पण आवाज चढला की कुणीतरी त्या पोराला हाक मारायचं, आणि नुसतं नाव कानावर आलं की दोघे खजील व्हायचे. म्हणून मग त्या देशात लोक आपल्या मुलांना ते नाव ठेवू लागले. असं ती बाई म्हणायची. खरंखोटं तिला ठाऊक.

आणि बोग्ना? सगळे घरी आले, मामासुद्धा उंबरा चढून आला. पोरगं बोडकं डोकं घेऊन अंगणभर पळायला लागलं, पहिल्यासारखं. बोग्ना दारात बसली आणि हाक मारायला लागली, "झ्बिग्न्येव!" तो पळत आला. "काय गं आई?" "काही नाही, जा." तो गेला. पुन्हा, "झ्बिग्न्येव!" पुन्हा आला. असं तिने कितीदा केलं कुणास ठाऊक. काम काही नव्हतं. हाक मारली की येतो, एवढंच तिला बघायचं होतं.

मग ते सगळे सुखाने राहिले, आणि बोग्ना त्या रात्री गाढ झोपली. आता तुम्हीही पाय पोटाशी घ्या आणि डोळे मिटा. आणि उद्या उठल्यावर आजच्यासारखं त्या पतंगावरून भांडलात ना, तर दोघांनाही धोंडू म्हणेन, सांगून ठेवते.