लोट्याचा लाडू

एक होता शेणकिडा. एवढासा, हरभऱ्याएवढा. त्याचं नाव लोट्या.

लोट्यानं केला शेणाचा लाडू. गोल गोल, ताजा ताजा. डोकं खाली, पाय वर. मागच्या पायांनी लाडू ढकलत निघाला. गर गर, गर गर.

लाडू पडला खड्ड्यात. तेवढ्यात बांधावरून आला बाभळीचा ओंडका. गडगड, गडगड, धप्प. बसला की खड्ड्यावर.

"ओंडक्या, ओंडक्या, हल.
लाडू मिळेना."

"मी नाही हलणार. नाडा ओढेल, तर हलेन."

लोट्या निघाला. तुरूतुरू, तुरूतुरू. खुंटीवर होता नाडा. जाडजूड दोर, लांबच लांब.

"नाड्या, नाड्या, ओढ.
ओंडका हलेना,
लाडू मिळेना."

"मी नाही ओढणार. ओंडक्याखाली शिरू कसा? पहार त्याला उचलेल, तर ओढेन."

तुरूतुरू, तुरूतुरू. भिंतीला टेकून उभी होती पहार. लोखंडाची, उंच उंच.

"पहारबाई, पहारबाई, उचल.
नाडा ओढेना,
ओंडका हलेना,
लाडू मिळेना."

"मी नाही उचलणार. भामाकाकू दाबेल, तर उचलेन."

तुरूतुरू, तुरूतुरू. भामाकाकू गोठ्यात काहीतरी शोधत होती.

"काकू, काकू, दाब.
पहार उचलेना,
नाडा ओढेना,
ओंडका हलेना,
लाडू मिळेना."

"मी नाही येणार बाबा. नाडाही मलाच ओढावा लागणार, तो खांद्याला काचतो. माझी चुंबळ कुठंतरी अडकलीय, ती सुटेल, तर येईन."

चुंबळ म्हणजे चिंध्यांचं गोल कडं. ओझ्याखाली ठेवायचं, मऊ मऊ. पण चुंबळ होती कुठं? ढब्या कुत्र्याच्या पोटाखाली.

"चुंबळे, चुंबळे, सूट.
काकू दाबेना,
पहार उचलेना,
नाडा ओढेना,
ओंडका हलेना,
लाडू मिळेना."

"मी कशी सुटणार? ढब्या उठेल, तर सुटेन."

"ढब्या, ढब्या, ऊठ.
चुंबळ सुटेना,
काकू दाबेना,
पहार उचलेना,
नाडा ओढेना,
ओंडका हलेना,
लाडू मिळेना."

"मी नाही उठणार," म्हणाला ढब्या. आणि झोपला. घुर्र घुर्र.

लोट्याला आला राग. मग आलं हसू. तो चढला शेपटीवर. शेपटीवरून पाठीवर, पाठीवरून कानावर, कानावरून नाकावर. सहाच्या सहा पाय शेणाचे. शिरला की नाकात. गुदूगुदू, गुदूगुदू.

"आऽ... आऽ... आक्छी."

लोट्या उडाला भुर्रकन. पडला काकूच्या पदरावर.

ढब्या उठला.
चुंबळ सुटली.
काकूनं पहार दाबली.
पहारीनं ओंडका उचलला. नाडा शिरला खाली, बसली गाठ.
काकूनं खांद्यावर ठेवली चुंबळ, चुंबळीवर घेतला नाडा. हुंऽ हुंऽ हुंऽ. नाड्यानं ओढलं.
ओंडका हलला.
आणि लाडू मिळाला.

लाडू झाला होता थोडा चपटा. "चालतंय," म्हणाला लोट्या.

काकू बघतच राहिली. "अरे, एवढ्याशा शेणापायी माझा घाम काढलास?"

"शेण नाही काकू, लाडू आहे. घे की एक घास."

काकूनं नाकाला लावला पदर. लोट्यानं घेतला मोठ्ठा घास.

लाडू गेला पोटात, गोष्ट राहिली ओठात.