चालली ती ठकू नव्हती

फार वर्षं झाली या गोष्टीला. सिनेमा तेव्हा मुका होता. तांबवाडीच्या बुरुडआळीत ठकू नावाची एक पोर राहायची. तापात तिचे दोन्ही पाय वाळले होते. आई टोपल्या विणायची आणि ठकू तळहातांवर अंग ओढत देवळापाशी जाऊन भाकरी मागायची.

एकदा नदीकाठी सिनेमावाले आले. साधूनं हात लावला आणि पांगळी पोर उठून चालू लागली, असं त्यांना दाखवायचं होतं. ठकूला त्यांनी दिवसभर उन्हात बसवलं. मग तिच्या अंगावरचं परकर-पोलकं दुसऱ्या धडधाकट पोरीला घातलं आणि तिला पाठमोरी चालवलं. ठकूला शेरभर गूळ मिळाला.

ते चित्र जत्राजत्रांतून तंबूत दाखवलं गेलं. लोकांनी डोळ्यांनी पाहिलं, ठकू चालली! "चालता येतंय, तरी सोंग करतीय," म्हणत गावानं भाकरी बंद केली. आणि लांबलांबच्या आया पांगळी लेकरं पाठीवर बांधून तिच्या दारात येऊ लागल्या. वर्षानुवर्षं येतच राहिल्या. सगळ्यांना तेच ते सांगून ठकू थकून गेली.

अशीच एक बाई पोराला पाठीवर घेऊन आठ दिवस चालून आली.

"ताई, साधूनं कुठं हात लावला, तेवढी जागा दाखव."

"चालली ती मी नव्हते गं. मी पलीकडं बसले होते, अंगावर गोणपाट घेऊन."

बाई रडलीसुद्धा नाही. म्हणाली, "मग ह्याला आता परत उचलून कशी नेऊ?"

ठकू अंग ओढत पोरापाशी गेली. मग पोराला म्हणाली, "ये. तळहात टेक."

असं म्हणतात, त्या दिवसापासून तिच्या दारात आलेलं एकही लेकरू आईच्या पाठीवरून परत गेलं नाही. हातांवर चालायला शिकून, टोपली विणायला शिकून गेलं. असंही म्हणतात, की म्हातारपणी ती शंभर लेकरं घेऊन डोंगरावरच्या देवीला गेली, तेव्हा पायऱ्यांचा दगड तिच्या तळहातांखाली मेणासारखा मऊ झाला. ते खळगे अजून आहेत.

वर पोचल्यावर पुजाऱ्यानं विचारलं, "काय मागायचंय देवीकडं?"

"काही नाही," ठकू म्हणाली. "जरा बसू दे."

आजही चैत्रात देवीची पालखी डोंगर चढते, आणि कुणी मागं राहिलं तर भोई ती खांद्यावरून उतरवून जमिनीवर टेकवतात. शेवटचं माणूस येईतो देवीही खालीच बसते. कुणी घाई केलीच, तर जुनी माणसं म्हणतात, "थांबा जरा. ठकूबाई चढतीय."