हौसाचं निशाण

नवस बोलताना आईच्या जिभेला भान राहत नाही, मायबायांनो. फार वर्षांपूर्वी नदीकाठच्या आंबेवाडीत गोजराचं तसंच झालं. एकुलती हौसा तापाने फणफणलेली, धनी आधीच गेलेला. गोजराने डोंगराईला पदर पसरला, “पोर वाचव, आई. जत्रेत तुझं निशाण आमच्या घरचं माणूस चढवील.”

पोर वाचली. पण निशाण चढवायचे ते गडी. प्रत्येक आळीचे तिघं: एकाने ते डोक्याला बांधून नदी पोहायची, दुसऱ्याने डोंगर धावायचा, तिसऱ्याने देवळापुढच्या तेल लावलेल्या खांबावर चढून ते बांधायचं. पहिल्या पोचणाऱ्या आळीला वर्षाचा मान. गोजराच्या घरी एकही गडी नाही. दर जत्रेत तिची मान खाली.

सोळाव्या वर्षी हौसाने विचारलं, “दर साली का रडतीस गं?” नवसाचं ऐकल्यावर म्हणाली, “मग मी काय घरचं माणूस नव्हं?”

जत्रेत तिने निशाण मागितलं, तेव्हा पाटील हसले. “पोरी, तिघं लागत्यात. तुझ्या जोडीला कोण?”

“म्हशींमागं नदी मीच पोहते, रानात भाकरी घेऊन मीच पळते, चिंचेच्या शेंड्याला मीच चढते. आणखी कोण पायजे, तात्या?”

म्हातारा भिकू गुरव पुढे झाला. “पाटील, नवसाला आडवं जाऊ नये.”

पाटलांनी एक निशाण हौसाच्या हाती दिलं.

ढोलावर टिपरी पडली. गड्यांनी उड्या टाकल्या. हौसा मात्र काठावरच, कारण गोजराने तिचं मनगट घट्ट धरलेलं. नवस फेडायचा होता, पण तापातून परत मिळालेली लेक पाण्यात सोडवेना.

“आई, हात सोड.”

गोजराने डोळे मिटले आणि हात सोडला.

असं म्हणतात, तेव्हा नदीने पाठ सपाट केली. असं म्हणतात, डोंगराच्या कातळावर तिची पावलं उमटली, ती अजून आहेत. खांबावर तर ती खारीसारखी गेली. गडी धापा टाकत वर पोचले, तेव्हा वारा नसताना निशाण फडफडत होतं, आणि ते कोरडं होतं! खाली गोजराची मान पहिल्यांदा वर झाली. पाटलांनी स्वतःचा फेटा हौसाला बांधला.

आजही आंबेवाडीत जत्रेआधी आया लेकींना घाटावर नेतात, मनगट धरून उभ्या राहतात, आणि ढोलाच्या पहिल्या टिपरीला हात सोडतात. त्याला ‘हौसाचा हात’ म्हणतात. पोहता येत नाही अशी पोरगी त्या गावात नाही.

बायांनो, तुमच्या घरी लेक असेल तर तिला पाण्यापाशी न्या, पोहायला शिकवा. नारळ नंतर फोडा. आधी डोंगराईचं नाव घ्या, आणि हात सोडा.