परतणीचे शेवटचे सात ठोके

एकदा एक म्हातारा नगारा वाजवणारा होता. दृष्टांतात म्हातारेच का असतात, असे विचारू नका. तरुणांना चूक करायची घाई असते, तेव्हा सांगायचे काम म्हाताऱ्यांवरच पडते.

वर्षाच्या अखेरच्या दिवशी सकाळी हा म्हातारा देवळाच्या ओसरीत बसून ‘परतणी’ नावाची रचना वाजवीत असे. परतणीत काळ उलटा चालतो. आधी सरत्या वर्षाचा ठेका, मग आजोबांच्या पिढीच्या लग्नांची वाजंत्री, मग पटकीच्या साथीचा मंद घाव, मग देवळाची पायाभरणी, आणि अगदी शेवटी सात ठोके. ते कुदळीचे. गाव वसण्याआधी ज्यांनी तळे खणले, त्यांच्या कुदळीचे.

परतणी चालू असेतो साऱ्या गावाने देवळाभोवती उलट्या पावलांनी फिरायचे. सातवा ठोका पडला की काळ सरळ होतो, मग सर्वांनी तोंड वळवायचे. त्याआधी जो वळेल, त्याला नवे वर्ष लागतच नाही, अशी श्रद्धा होती. गावातले शिकलेले लोक या श्रद्धेला मनमुराद हसत. हसत, पण वळत नसत.

म्हाताऱ्याची शिष्या वडार वस्तीतली, दोन लेकरांची आई. दिवसा दगड फोडायची, सांजेला नगारा शिकायची. तळे खणले ते तिच्याच पूर्वजांनी.

त्याच गावी एक व्यापारी होता. त्याने देवळावर नवे पत्रे घातले होते, आणि तेव्हापासून तो देवाशीही घरमालकासारखा बोले. त्या वर्षी त्याने तळ्याला फाटक बसवले, कुलूप घातले आणि पाटी लावली: ‘हे तळे आमच्या आजोबांनी बांधले.’ नव्या वर्षापासून वडार वस्तीने तिथे पाणी भरायचे नाही, असेही सांगून टाकले. अडचण एकच होती. ते सात ठोके दरवर्षी साऱ्या गावाला भलतेच सांगत.

तो म्हाताऱ्याकडे आला. “आबा, यंदा परतणी आमच्या आजोबांच्या लग्नापर्यंतच न्या. पुढची ठकठक कशाला?”

“तिथंच थांबू?”

“तिथंच.”

“मग पुन्हा म्हणू नका, ‘आबा, पुढचं वाजवा.’”

“मी कशाला म्हणतोय?”

म्हाताऱ्याने मान डोलावली. व्यापारी गेला तशी शिष्या उसळली. “आबा, आमच्याकडं सातबारा नाही, कागद नाही. सात ठोके आहेत. तेही देऊन टाकलेत?”

“त्यानं मागितलं तेच दिलं. उद्या येताना तुझं नगाऱ्याचं टिपरू घेऊन ये.”

दुसऱ्या दिवशी परतणी सुरू झाली. मानाप्रमाणे व्यापारी सर्वांच्या पुढे, म्हणजे पाठमोरा. आजोबांच्या लग्नाची वाजंत्री झडली आणि म्हातारा थांबला. टिपरी काखेत धरून त्याने चंची सोडली, पान काढले.

“झाली परतणी,” तो म्हणाला. “वळा, शेठ. पहिला मान तुमचा.”

व्यापारी वळला नाही. मग कोण वळणार? तो तसाच उलटा घराकडे निघाला. वाटेत एका म्हशीला त्याने पाठीने ढकलले. म्हशीने त्याला शिंगाने परत केले. दारात बायको म्हणाली, “घरात असे पाठमोरे शिरताय, काही लपवलंय का?” पण ती स्वतःही पाठमोरीच उभी होती. दुपारपर्यंत गावात तीन घागरी फुटल्या, एक जावई शेणात बसला, आणि व्यापाऱ्याच्या अंगणात पाठीच पाठी जमल्या.

“शेठ, तुमच्या आजोबांच्या लग्नात आम्ही किती दिवस अडकायचं?” एक पाठ म्हणाली.

अखेर व्यापारी गावासकट उलट्या पावलांनी ओसरीशी आला. “आबा, पुढचं वाजवा.”

“पुढचं काय?”

“ते... ठोके.”

“माझा हात आता लग्नातच रमलाय, शेठ. हिला सांगा.”

शिष्या नगाऱ्यापाशी बसली. “कुणाचे ठोके वाजवू?”

साऱ्या गावाचे तोंड तिकडे होते, कान मात्र इकडे. “तळं खणलं त्यांचे,” व्यापारी म्हणाला.

“म्हणजे कुणाचे?”

“तुमच्या माणसांचे.”

तिने पटकीची साथ आणि पायाभरणी वाजवली, मग सहा ठोके दिले आणि टिपरू हवेत धरले. “फाटकाची किल्ली.”

व्यापाऱ्याने हात मागे नेऊन चाचपडत किल्ली ओसरीवर ठेवली. तेव्हा सातवा ठोका पडला. गाव वळले. नव्या वर्षात व्यापाऱ्याला पहिले तोंड दिसले ते तिचे.

संध्याकाळी तिने विचारले, “आबा, सरळ ‘नाही’ म्हणाला असतात तर?”

“तर त्यानं दुसरा वाजवणारा आणला असता, आणि आपण दोघं रडत बसलो असतो. पोरी, ज्याला गेलेला काळ आपल्या आजोबापाशीच संपवायचा असतो, त्याला तिथं खुशाल थांबू द्यावं. तिथून पुढचा रस्ता तुझ्याच अंगणातून जातो. तो येईल. आपण फक्त टिपरू खाली ठेवायचं नाही, आणि सातवा ठोका फुकट द्यायचा नाही.”

ती घागर उचलून तळ्यावर गेली.

पाटी कोणी काढली नाही. वस्तीतल्या बायका तिच्यावर अजून धुणे वाळत घालतात. तुमच्या गावात अशी पाटी असेल, तर वाचत बसू नका. ओले लुगडे घेऊन जा.