ताठ मान आणि पेलाभर चहा

"मान वाकवू? मी? त्या शेजारच्या ओनुमासमोर?" सरदार कुरोसे असे गरजले की दरबारातले कागदी पडदे थरथरले!

म्हातारे गेन्साई जागचे हलले नाहीत. कुरोसे घराण्याच्या साऱ्या लढाया त्यांच्याच डोक्यातून निघालेल्या. पूल कुठे तोडायचा, कुठे खोटी पळापळ करायची, हे तेच ठरवत. या खेपेला मात्र त्यांनी भलताच सल्ला दिला होता. "महाराज, लढू नका. ओनुमांशी तह करा. दोघांनी तलवारी बाजूला ठेवायच्या, एकमेकांपुढे मान वाकवायची, की मिटलं!"

"मिटलं? ही मान वाकायची नाही!" सरदारांनी मांडीवर मूठ आपटली. "एवढे हुशार आहात ना? मग उद्या सूर्य मावळायच्या आत मला तलवार उतरवून ठेवायला लावा, गुडघे टेकायला लावा, मान वाकवायला लावा! बळजबरी नाही, विनवणी नाही. जमलं तर तह करीन. नाही जमलं तर तुमची शेंडी कापून हातात देईन आणि युद्धाला निघेन!"

सामुराईची शेंडी गेली म्हणजे अब्रू गेली. गेन्साई घरी आले ते थेट स्वयंपाकघरात. नकाशा पसरला, मोलकरीण ओयोनेच्या टोपलीतले सोयाबीन घेतले आणि मांडू लागले. सैन्य मांडायची त्यांची रीतच तशी होती. फक्त आज सैन्य नव्हतं, एकच टपोरा दाणा मधोमध होता.

"धनी, ते सारासाठी काढलेत," ओयोने म्हणाली.

"थांब गं. हा दाणा म्हणजे महाराज."

ओयोनेने दाणा दातांखाली धरून पाहिला. "गणंग आहे! कितीही शिजवा, मऊ व्हायचा नाही."

गेन्साईंनी तिला सगळी हकिकत सांगितली, तशी तिच्या तोंडचं पाणी पळालं. तिचा नवरा हेइसुके भालाईतांच्या पहिल्या रांगेत होता. युद्ध झालं तर पहिला बाण कुणाला लागणार, हे तिला कुणी सांगायला नको होतं. ती कोळशावर फुंकर घालत राहिली आणि मग एकाएकी खुदकन हसली.

"धनी, तुम्हीच म्हणता ना, शत्रूला एखादा डाव पकडू द्यावा, म्हणजे खरा डाव त्याला दिसत नाही?"

"म्हणतो खरा."

"मग बागेतली पाइनची फांदी मला दोरीने खाली ओढून बांधू द्या. आणि महाराजांना उद्या चहाला बोलवा!"

गेन्साईंनी तिच्याकडे पाहिलं, खिडकीतून बागेच्या टोकाच्या चहाच्या खोलीकडे पाहिलं आणि मांडीवर अशी थाप मारली की सगळे दाणे घरभर पळाले.

सरदारांना चहाचं भारी वेड! त्यातून गेन्साईंच्या घरचा चहा म्हणजे विचारूच नका. दुसऱ्या दिवशी दुपारी ते आले, पण सावध! मान इतकी ताठ की पायाखालचा दगड दिसेना आणि पाय चिखलात गेला. तरी खाली पाहिलं नाही.

वाटेवर पाइनची फांदी आडवी आली. तिच्याखालून जायचं तर वाकायलाच हवं.

"वा गेन्साई! हा होय तुमचा डाव? कापा रे ती!"

शिपायांनी फांदी तोडली. पुढे हात धुवायचं दगडी कुंड जमिनीलगत होतं. सरदार ताठ उभे राहिले आणि शिपायाकडून हातांवर पाणी ओतून घेतलं. "दुसरा डावही फसला! अहो, म्हातारे झालात!"

गेन्साईंनी तोंड पाडलं. सरदार खूश झाले. त्याच खुशीत त्यांनी चहाच्या खोलीबाहेरच्या खुंटीवर नेहमीसारखी तलवार अडकवली, नेहमीसारखे आत शिरले आणि चटईवर ऐसपैस बसले.

चहा फेसाळ झाला होता. शेवटचा घोट घेऊन ते म्हणाले, "सूर्य कलला, गेन्साई! शेंडी तयार ठेवा!"

चुलीपाशी बसलेली ओयोने हळूच म्हणाली, "महाराज, एक विचारू? आपली तलवार कुठंय?"

सरदारांचा हात कमरेला गेला. "बाहेर! चहाच्या खोलीत तलवार आणत नाहीत, एवढंही ठाऊक नाही तुला?"

"ठाऊक आहे, महाराज. आणि आपण आत कसे आलात?"

"कसा म्हणजे? दारातून!"

असं म्हणून त्यांनी दाराकडे पाहिलं आणि पाहतच राहिले. चहाच्या खोलीचं दार ते! जेमतेम मांडीएवढं उंच. सरदार असो की शेतकरी, गुडघ्यांवर रांगत, मान छातीला लावूनच आत यायचं, अशी साऱ्या मुलखाची रीत. सरदार वर्षानुवर्षं तसेच येत होते. आजही आले होते!

"पण... पण ही रीत झाली!" ते लालबुंद झाले. "मी कुणापुढे वाकलो नाही!"

"तेच तर, महाराज!" ओयोने म्हणाली. "ओनुमा महाराजांनाही इथेच चहाला बोलवा. तेही तलवार बाहेर ठेवतील, रांगत येतील, मान खाली घालतील. कोण कुणापुढे वाकलं असं कुणी विचारलंच, तर दोघांनीही छाती काढून सांगावं, दारापुढे!"

"डाव सगळा हिचाच, महाराज," गेन्साई म्हणाले. मग सरदारांच्या पोटातून हसू फुटलं. ते हसले, ठसकले, पुन्हा हसले, डोळे पुसले. "फांदी कापायला लावलीस, आणि दार विसरायला लावलंस! गेन्साई, हरलो! ओनुमांना चहाचं बोलावणं धाडा, आणि सैन्य हिच्या हाती द्या! बोल बाई, काय हवं तुला?"

"माझा नवरा, महाराज. भाल्यापेक्षा त्याला नांगर बरा धरता येतो."

"दिला! वर एक शेत दिलं. आणि गेन्साईंच्या घरी पोतंभर सोयाबीन पाठवा, म्हणजे नकाशावरची लढाई आणि सार दोन्ही होईल!"

सरदार निघाले. दाराशी येऊन थांबले, बाहेर उभ्या शिपायांकडे पाहिलं आणि ओरडले, "सगळ्यांनी पाठ फिरवा!"

आणि मगच, हसत हसत, रांगत बाहेर पडले.