धरली ना शेपटी?

गर्द रानाच्या कडेला, एका मळ्याच्या बांधात चिचुंद्रीचे बीळ होते. बालमित्रांनो, चिचुंद्रीला डोळ्यांनी फारसे दिसत नाही. म्हणून दर दिवाळीला पहाटे, मळ्यातल्या अंगणात सांडलेला फराळ खायला निघताना ती पिल्लांची रांग लावी. थोरली आईची शेपटी तोंडात धरी, थोरलीची मधला आणि मधल्याची धाकटी. वाटेत आई विचारी, "धरली ना रे सगळ्यांनी?" यावर कोणी बोलायचे नसे. बोलले की तोंडातली शेपटी सुटे. सगळे गप्प, म्हणजे सगळे ठीक.

यंदा थोरलीच्या अंगाला मोठ्या चिचुंद्रीसारखा वास येऊ लागला होता. ती अंग चोरूनच चालत होती. बांधावरचे उंदीर हसले.

"काय गं, अंगाला वास यायला लागला तरी आईची शेपटी चोखतेस?"

"अरे, हळू बोल. बाळ रडेल!"

थोरलीला मेल्याहून मेल्यासारखे झाले. तिने हळूच शेपटी सोडली. आईला कळू नये म्हणून नाक मात्र शेपटीला टेकवून ठेवले. आईने विचारले, "धरली ना रे सगळ्यांनी?" थोरली गप्प राहिली, जणू तोंडात शेपटी आहे.

पाण्याच्या पाटाजवळ आई चटकन वळली. थोरली सरळ गेली आणि पाण्यात पडली. मागोमाग मधला पडला, धाकटीही पडली. पण दोघांनी शेपटी काही सोडली नाही. लांबून आईचा आवाज आला, "धरली ना रे?" भावंडे गप्प. त्यांनी तर धरलीच होती. उंदीर कान टवकारून बसले होते. थोरलीने डोळे मिटले आणि ती ओरडली, "नाही गं आई! मी सोडली. मघाशीच सोडली!"

आई आवाजाच्या रोखाने धावत आली. तिने थोरलीला मानेला धरून ओढले, तशी मागून सगळी ओली रांग बाहेर आली. शेपटी सोडून धाकटीने कुडकुडत विचारले, "ताई, आलं का अंगण?" थोरलीला वर बघवेना.

आई रागावली नाही. "मोठी झालीस, लाज वाटणारच. सोडायची होती तर सांगायचंस. मागे ही दोघं होती ना गं," एवढेच म्हणाली.

थोरलीने उंदरांदेखत आईची शेपटी पुन्हा तोंडात धरली. रांग निघाली. "धरली ना रे सगळ्यांनी?" आईने विचारले. थोरली मघासारखीच गप्प राहिली. पण या वेळी तिच्या तोंडात शेपटी होती.

तात्पर्य : आपण कोणाच्या मागे चालतो याची लाज वाटली, तरी आपल्या मागे कोण चालत आहे हे विसरू नये.