खोतांचा दरवाजा

नवऱ्यामागे सुतारकीचा कारखाना चालवणाऱ्या गिरजाबाई मेस्त्रींकडून अप्पासाहेब खोतांनी नक्षीदार सागवानी दरवाजा उधारीवर नेला. वर्ष उलटलं तरी पैसे मिळेनात, तेव्हा बाईंनी दिवाणी कोर्टात दावा लावला.

अप्पासाहेब छातीठोकपणे म्हणाले, “मी हिच्याकडून काहीच विकत घेतलेलं नाही!”

बाईंकडे कागद नव्हता. आता त्या काय बोलणार, म्हणून सगळे कान टवकारून बसले.

गिरजाबाई शांतपणे म्हणाल्या, “खरं असेल, साहेब. मग यांच्या घराला लागलेला, माझ्या नवऱ्याची खूण कोरलेला दरवाजा अजून माझाच. तो आजच काढून न्यायचा हुकूम द्या.”

अप्पासाहेब ताडकन उठले. “काढून? उद्या घरात लेकीचं लग्न आहे! आणि भाव ठरवूनच घेतलाय मी तो!”

न्यायाधीश म्हणाले, “छान. किती ठरला होता भाव?”